रहिमाबींचं टोपलीतलं पनीर

हिंगोली जिल्ह्यातल्या गोरेगावच्या शाळेत मी अठरा वर्षं शिकवलं. त्यातली तीन वर्षं शकील माझ्या वर्गात होता. अभ्यासात बेताचाच, पण मधल्या सुट्टीत त्याच्या डब्याभोवती गर्दी असायची. डब्यात ज्वारीची भाकरी आणि तिच्यावर पांढऱ्याशुभ्र पनीरची वडी. वडीच्या कडेला बांबूच्या विणीचे ठसे उमटलेले असायचे. त्यातला एक तुकडा कागदात बांधून माझ्या टेबलावर यायचा. "बाई, अम्मीनं दिलंय." मी तो खायचे आणि वह्या तपासायला घ्यायचे. पनीर शेळीच्या दुधाचं असतं एवढं मला माहीत होतं. ते करतात कसं, हे मात्र मी कधी विचारलं नाही.

निवृत्तीनंतर मी हिंगोलीला राहायला आले. शकील आता गोरेगाव-हिंगोली जीप चालवतो. या उन्हाळ्यात स्टँडजवळ भेटला तेव्हा म्हणाला, "बाई, अम्मीचा हजला नंबर लागला. मामा-मामीसंगं चालली हाय."

मी अभिनंदन केलं. तो मान खाजवत उभा राहिला.

"पर घरात लई गोंधळ हाय. चाळीस दिवस शेळ्या कोण बघंल? मी दिवसभर गाडीवर. बायकोला, आयेशाला, पनीर जमत न्हाई, आन् पनीर न्हाई तर दुधाचं करायचं काय? शेळीचं दूध नुसतं कोण घेतंय आपल्याकडं? अम्मीनं प्रेमसिंगला सांगून ठेवलंय, रविवारी टेम्पो घेऊन ये म्हणून."

प्रेमसिंग हा शेळ्यांचा व्यापारी. दरसाल बकरी ईदच्या आधी येतो आणि बोकड घेऊन जातो.

"म्हणजे बोकडच ना?" मी विचारलं.

"न्हाई बाई. अवंदा सगळ्या. म्हणती, परत येऊन नव्या घेईन." शकीलनं जीपच्या आरशावरची धूळ बोटानं पुसली. "सहासष्ट वर्षांची हाय ती. परत कुठं घेती?"

"रविवारला चार दिवस आहेत," मी म्हणाले. "मला यायचंय. मलाही शिकायचंय पनीर."

शकील हसला. "तुमी शिकणार? अम्मीकडं? बाई, ती लई कडक मास्तरीण हाय."

*

शकीलच्या अम्मीचं, रहिमाबींचं घर गोरेगावबाहेर, सेनगावच्या रस्त्याला. शेजारी मंजुळाबाईंचं घर आणि त्यांचं हळदीचं शेत. दोन्ही घरांच्या मध्ये फक्त एक बांध. माझी झोपायची सोय मंजुळाबाईंकडे झाली, कारण त्यांनी ती कुणाला न विचारता परस्पर करून टाकली होती.

रहिमाबी ठेंगण्या आहेत. चालताना डावा पाय किंचित ओढतात आणि तरीही सगळ्यांच्या पुढे असतात. माहेर कुरुंद्याचं. सतराव्या वर्षी लग्न होऊन इथे आल्या. नवरा अय्याज हळदीच्या बाजारात तोलाई करायचा. तो जाऊन नऊ वर्षं झाली. पनीर सासूकडून आलेलं. सासूनं पहिली तीन वर्षं टोपलीला हातसुद्धा लावू दिला नव्हता, हे त्या तक्रार म्हणून सांगत नाहीत. पदवी सांगावी तसं सांगतात.

बोकड धरून शेळ्या एकूण चौदा, त्यातल्या आठ दुधाच्या. सगळ्या काळ्या, लांब कानांच्या. मला वाटलं, नावं चांदणी, काळी अशी काहीतरी असतील. रहिमाबींनी एकेकीकडे बोट दाखवून ओळख करून दिली. "ही वसमत. ही औंढा. ही सेनगाव, तिची पोरगी पण सेनगावच. आन् ती तिकडं तोंड करून उभी हाय ना, ती कळमनुरी. तिच्या मागं उभं ऱ्हाऊ नका."

ज्या बाजारातून शेळी आणली त्या बाजाराचं तिला नाव. मी आयुष्यभर पोरांकडून जिल्ह्यातले तालुके पाठ करून घेतले, पण ते असे ओळीनं उभे राहून वैरण खाताना कधी पाहिले नव्हते.

"हिंगोली कुठं आहे?" मी विचारलं.

"हिंगोली आटली," रहिमाबी म्हणाल्या. "दोन महिने झाले, दूध न्हाई. पर खाती सगळ्यांपेक्षा जास्त."

*

गुरुवारी सकाळी त्यांनी मला करून दाखवलं. मी वही काढली. त्यांनी वहीकडे एकदा पाहिलं आणि पातेलं पुढे ओढलं.

पनीर विरजणावर होत नाही, लिंबावरही नाही. हिंगोलीच्या अत्ताराच्या दुकानात पनीरडोडी नावाची वाळकी बोरासारखी फळं मिळतात, करवंदाएवढी. त्यातली आठ-दहा ठेचून, फडक्यात बांधून, रात्री वाटीभर पाण्यात भिजत टाकायची. सकाळी ती पुरचुंडी पाण्यात चोळायची. तेच पाणी धारेच्या कोमट दुधात घालायचं, एकदा ढवळायचं, पातेल्यावर कापड टाकायचं आणि हात लावायचा नाही.

"किती वेळ?" मी विचारलं.

"शेळ्यांना पाणी पाजून यायचं. पाजलं की उघडायचं."

मी लिहिलं : 'शेळ्यांना पाणी पाजून आल्यावर उघडणे.' वाक्य अगदी शुद्ध होतं.

त्या गेल्या, पाणी पाजून आल्या आणि कापड उचललं. दूध दह्यासारखं पण जास्त घट्ट जमलं होतं. त्यांनी बोट तिरकं आत घालून वर उचललं, तसा वरचा थर सरळ रेषेत फाटला आणि भेगेत हिरवट, स्वच्छ पाणी साचलं. "असं फाटलं पायजे. बराबर रेघ." मग चपट्या पळीनं थर थर उचलून बांबूच्या छोट्या टोपल्यांत भरले. मिठाची चिमूट. पाणी निथळलं की टोपली उलटी, वडी बाहेर, पुन्हा उलटी करून आत. दुपारी शाळेतल्या डब्यातलं तेच पनीर माझ्या ताटात होतं. चव तशीच, थोडी खारट, थोडी गवताची. माझी शाळा सुटून सहा वर्षं झाली होती, आणि तरी मी मधल्या सुट्टीची घंटा होईल म्हणून भराभर खाल्लं.

आयेशा दारात उभी राहून सगळं बघत होती. शकीलची बायको, हिंगोलीची, बारावीपर्यंत शिकलेली. लग्नाला दोन वर्षं झाली. आली तेव्हा शेळी अंगावर आली तर खाटेवर चढून बसायची, असं मंजुळाबाईंनी मला सांगितलं. आता कळमनुरीची धार तीच काढते, कारण कळमनुरी दुसऱ्या कुणाला जवळ येऊ देत नाही.

"आता तू कर, दुल्हन," रहिमाबी म्हणाल्या. "संध्याकाळचं दूध तुझं. मी समोर असले की तुझे हात कापतात. मी मंजुळाकडं जाऊन बसती."

संध्याकाळी आयेशानं सगळं जसंच्या तसं केलं. पाणी चोळलं, ओतलं, ढवळलं, झाकलं. शेळ्यांना पाणी पाजून आली आणि कापड उचललं. बोट घातलं तर रेघ नाही, नुसता लिबलिबीत गोळा. टोपलीत टाकलं तर विणीतून खाली वाहून गेलं. मांजर मात्र खूश झाली.

रहिमाबी परत आल्या, पातेलं पाहिलं, म्हणाल्या, "पंधरा दिवसांपासून हेच करून राहिली."

"अम्मी, तुमी सांगता तसंच करते मी."

"मंग हात हलका न्हाई तुझा. काय काय हातांना असतं, काय काय हातांना नसतं. तुझा कसूर न्हाई त्यात."

हे रागावून म्हटलं असतं तर बरं झालं असतं. त्या मायेनं म्हणाल्या. आयेशानं मान खाली घालून पातेलं घासायला घेतलं.

मी तिच्याजवळ बसले. ती हळूच म्हणाली, "बाई, शेळ्या गेल्या तर अम्मी परत येऊन काय करतील? पहाटे चारला उठायची सवय हाय त्यांना. रिकाम्या गोठ्यात जाऊन उभ्या ऱ्हातील." पातेलं पालथं घालून पुढे म्हणाली, "आन् कळमनुरी दुसऱ्या घरी कुणाला हात लावू देईल?"

*

शुक्रवारी आयेशानं डोडीची फळं दुप्पट घेतली. पनीर थोडं जमलं, पण इतकं कडू झालं की शकीलनं घास तोंडात धरून अंगणात धाव घेतली. शिवाय टोपलीत वडी उभी राहिलीच नाही.

"कारल्याचं पनीर केलंस व्हय?" तो चूळ भरत म्हणाला.

"तुमी करा की मग!"

"मला गाडी हाय."

"गाडी हाय म्हणे. गाडीत बसून नुसता हॉर्न वाजवायचा." पण डोळे तिचे भरले होते. शकीलनं उरलेला तुकडा, देवाशपथ, पाण्याच्या घोटाबरोबर गिळला.

रहिमाबींनी पातेल्यात एकदा डोकावलं. मग प्रेमसिंगला फोन करून रविवारी दहाची वेळ पक्की केली.

*

शनिवारी पहाटे वादळी वारं सुटलं आणि गावची लाईट गेली. मंजुळाबाईंच्या अंगणातला पत्रा उडून आमच्या खाटेपर्यंत आला, पण तेवढंच. सकाळचं दूध आज आयेशाचं होतं. रहिमाबी ठरल्याप्रमाणे बांध ओलांडून आमच्याकडे चहाला आल्या. मंजुळाबाई रोजच्यासारख्या हंडे घेऊन हापशावर निघाल्या, मीही त्यांच्याबरोबर गेले.

हापशावर थोड्या वेळानं आयेशा दिसली. कमरेवर कळशी, डोक्यावरची ओढणी वाऱ्यानं उडतेय, चेहरा रडवेला.

"मोटार बंद हाय," ती म्हणाली. "शेळ्यांचा हौद रिकामा. चार खेपा तरी मारायला लागतील. दूध झाकून आले मी, सगळं वाया जाणार आता."

"अगं, जाऊ दे, एक दिवस," मंजुळाबाई म्हणाल्या आणि तिला कळशी भरू देईनात. त्यांच्या भाचीचं लग्न जमलं होतं, पोरगं कृषी खात्यात होतं, पण उंचीला भाचीपेक्षा दोन बोटं कमी. यावर आयेशाचं मत त्यांना हवं होतं. आयेशानं पहिल्या खेपेला "चांगलं हाय" म्हटलं, दुसऱ्या खेपेला "उंच टाचेच्या चपला घालायच्या न्हाईत म्हणावं", आणि तिसऱ्या खेपेला ती हसलीसुद्धा. चौथ्या खेपेला मी तिच्याबरोबर एक हंडा घेऊन गेले. शेळ्यांनी पाणी प्यायलं. कळमनुरीनं हौदात पाय घातला, म्हणून अर्धी कळशी पुन्हा आणावी लागली.

मग आयेशा पातेल्याजवळ बसली. कापड उचलायचं तिच्या जिवावर आलं होतं. शेवटी उचललं, बोट तिरकं घातलं, वर केलं.

रेघ.

सरळ, पट्टीनं ओढावी तशी. भेगेत हिरवट पाणी.

आयेशानं माझ्याकडे पाहिलं, मी तिच्याकडे. तिनं दुसऱ्या जागी बोट घातलं. पुन्हा रेघ. तिसऱ्या जागी घालायला निघाली तेव्हा मी हात धरला. "पुरे. सगळं फाडशील."

तिनं ओरडून हाक मारली, "अम्मी!" रहिमाबी एका हातात दुसऱ्यांदा केलेल्या चहाची बशी तशीच धरून बांधावरून आल्या. वाकून पाहिलं. स्वतःचं बोट घातलं.

"काय केलंस आज?"

"काहीच न्हाई. रोजच्यासारखंच. फक्त लाईट नव्हती, म्हणून हापशावर चार खेपा मारल्या."

"मग? चारच असतात खेपा. रोजच."

आयेशा सावकाश म्हणाली, "अम्मी, मी रोज नळीनं पाजते. मोटार चालू केली की पाच मिनिटांत हौद भरतो."

गेल्या वर्षी शकीलनं बोअरची मोटार बसवली, आईच्या पायाला आराम म्हणून. गोठ्यापर्यंत नळी ओढली. रहिमाबींनी त्या नळीला आजवर हात लावला नव्हता. बोअरचं पाणी शेळ्यांना आवडत नाही, असं त्यांचं म्हणणं. खरं म्हणजे मंजुळाबाई रोज त्याच वेळी हापशावर येतात. सासूनं सांगितलं होतं, पाणी पाजून यायचं. सासूच्या काळी आडावर खेपा होत्या, रहिमाबींच्या काळी हापशावर. आयेशाला सांगताना त्यांनी शब्द तोच सांगितला. गुरुवारी त्या पाणी पाजायला गेल्या आणि तास भरत आला तेव्हा परतल्या. मी वही मांडीवर घेऊन तिथेच बसून होते आणि माझ्या लक्षात आलं नाही.

मागून मंजुळाबाई पोचल्या होत्या. सगळं ऐकून त्यांनी कमरेवर हात ठेवले. "म्हंजी रहिमाभाभी, तुमच्या पनीरात माझ्या गप्पा पण पडतात की! आन् मला कधी एक टोपली जास्त दिली न्हाई!"

"तू गप्पा कमी कर, मग पनीर मऊ करीन," रहिमाबी म्हणाल्या, पण हसताना त्यांच्या बशीतला चहा सांडला. मग गोठ्याच्या भिंतीवरच्या मोटारीच्या बटणाकडे पाहून म्हणाल्या, "ह्या मोटारीनं माझी सून नालायक ठरवली. आन् मी बी मोटारीचंच ऐकलं."

आयेशाच्या पाठीवर त्यांनी हात ठेवला, तो तसाच राहू दिला. माफी मागायची त्यांची रीत तीच असावी.

*

रविवारी लाईट आली होती. आयेशानं नळीनं पाणी पाजलं आणि मोबाइलवर पन्नास मिनिटांचा गजर लावला. मोबाइल पातेल्याशेजारी पाटावर ठेवला. रहिमाबींना हे पटलेलं नव्हतं. "एक दिवस जमलं म्हणजे जमलं असं न्हाई," त्या मला म्हणाल्या. "आन् फोनला काय कळतंय दुधातलं?"

प्रेमसिंग दहाला येणार होता, साडेनवालाच आला. गडी नव्हता, एकटाच. टेम्पो दारात लावून, फळी खाली टाकून तो गोठ्याकडे निघाला, तर रहिमाबी आडव्या आल्या.

"बसा भाऊ. चहा घ्या."

"चहा नंतर, ताई. ऊन चढलं की जनावरं हैराण होतात."

"बसा म्हणते ना."

तो खाटेवर बसला. रहिमाबी बसू शकत नव्हत्या. गोठ्यात जायच्या, शेळ्यांच्या पाठीवरून हात फिरवायच्या, परत पातेल्यापाशी यायच्या. एकदा त्यांनी वाकून कापडाचं टोक धरलं.

"अम्मी, अजून बारा मिनिटं," आयेशा म्हणाली.

रहिमाबींनी हात मागे घेतला. त्या घरात त्यांचा हात कुणी असा थांबवल्याचं मी तरी पाहिलं नव्हतं, त्यांनीही पाहिलं नसावं. त्या माझ्याकडे बघून म्हणाल्या, "बघितलं, बाई? आत्तापासूनच हुकूम चालू झाला." आवाजात तक्रार होती, पण त्या पाटाशेजारी खाली बसल्या आणि बारा मिनिटं हलल्या नाहीत.

मोबाइल वाजला. आयेशानं कापड काढलं आणि बोट घालण्याआधी सासूकडे पाहिलं.

"माझ्याकडं काहून बघतेस? तूच घाल."

रेघ उमटली. आयेशानं पळी घेतली आणि थर उचलून टोपलीत ठेवला. थर तिथेच राहिला. पाणी विणीतून थेंब थेंब निथळू लागलं. दुसरी टोपली, तिसरी, चौथी. एकही थर मोडला नाही.

प्रेमसिंग खाटेवरून उठून आला. "ताई, आता भरायच्या का? बोकड आधी घेऊ का शेळ्या?"

रहिमाबी पदर सावरत उभ्या राहिल्या. "बोकड तीन हायत, ते घ्या. शेळ्यांचं मला काय विचारता? मालकीण ती बसलीय."

प्रेमसिंगनं गोंधळून आयेशाकडे पाहिलं. आयेशानं दोन्ही हात कोपरापर्यंत पांढरे तसेच वर धरले होते. ती आधी सासूकडे बघत राहिली. मग प्रेमसिंगला म्हणाली, "शेळ्या द्यायच्या न्हाईत, भाऊ."

"तुमी तर सगळ्या म्हणाल्या होत्या, ताई. मी मोठा टेम्पो आणला."

"मोठ्या टेम्पोत बोकड मोकळे बसतील," रहिमाबी म्हणाल्या. "ईदपर्यंत बारीक होणार न्हाईत."

प्रेमसिंग जरा रुसला. मंजुळाबाईंनी बांधावरून भाचीच्या लग्नाला टेम्पो लागणार आहे असं काहीतरी सांगून त्याला आणखी गोंधळात टाकलं. पण पाणी निथळल्यावर पनीरची ताजी वडी आणि भाकरी खाल्ली तसा त्याचा चेहरा निवळला. "पनीर केलं कुणी?" त्यानं विचारलं.

"माझ्या सुनेनं," रहिमाबी म्हणाल्या. मग त्यांनी वडीचा कोपरा मोडून स्वतः खाल्ला, डोळे मिटले आणि म्हणाल्या, "मीठ थोडं जास्त हाय." आणि दुसरा तुकडा घेतला.

बोकड चढले, फळी वर गेली, टेम्पो सेनगावच्या रस्त्याला लागला. गोठ्यात अकरा शेळ्या वैरणीत तोंड घालून उभ्या होत्या. रहिमाबींनी हात धुतले, पदराला पुसले आणि माझ्याशेजारी येऊन बसल्या.

"बाई, तुमची ती वही आणा," त्या म्हणाल्या. "हजला काय काय न्यायचं ते लिहून द्या. लोकांनी केव्हाच बॅगा भरल्या, मी अजून चप्पलसुद्धा घेतली न्हाई."